पडद्याच्या कोपऱ्यातले बाबा

तार्नूव, १४ नोव्हेंबर

चि. इर्मिनास,
अ. उ. आ.

फोनवर हे बोलता येत नाही. आमच्याकडे माझा फोन वाजला की विक्तोर आणि सासूबाई दोघेही टीव्हीचा आवाज कमी करतात. म्हणून लिहितेय. वाचून झालं की तुझ्या रोमानच्या हाती लागू देऊ नकोस.

काल नाताळचा तो नवा सिनेमा पाहिला. दर वर्षी असतो तसलाच, एका सिनेमात पाच गोष्टी, एकमेकींत गुंतलेल्या. टॅक्सीवाला, घटस्फोटाला निघालेलं जोडपं, गाडीत विसरलेलं बाळ, कुत्रा हरवलेली डॉक्टरीण, एक कुणी गाणारा, आणि शेवटी सगळे क्राकूवच्या चौकात एकाच झाडाखाली. कोणाचं कोणाशी जुळणार हे विक्तोरने सुरुवातीलाच ओळखलं आणि तो झोपला. मी जागी राहिले ते बरं झालं.

टॅक्सीवाल्याच्या गोष्टीत मागे ट्रामचा थांबा दिसतो. तिथे आपले बाबा उभे होते. मला वाटलं भास झाला. पण घटस्फोटवाले कॉफी पीत भांडतात ना, त्यांच्या मागच्या काचेतून पुन्हा बाबा गेले, आणि या खेपेला शेजारी निळ्या टोपीतली एक बाई. बाबा थांबले, तिचा चष्मा काढून आपल्या मफलरने पुसला आणि परत तिच्या नाकावर ठेवला. आईचा चष्मा त्यांनी कधी पुसला होता का, तूच सांग. पुढे डॉक्टरणीच्या घरी विगिलियाचं, नाताळच्या आदल्या रात्रीचं जेवण आहे. लांबलचक टेबल, आणि त्याच्या टोकाला तीच बाई आणि आपले तीर्थरूप, ओप्वातेकची, म्हणजे चर्चमधली पातळ पापडी एकमेकांच्या हातातून मोडून खाताहेत. पुढे चेहरे नटांचे, पण माझं लक्ष कुठे असणार? आज दाताच्या डॉक्टरकडे जाते सांगून पुन्हा एकटी जाऊन आले. दाताला इतका वेळ लागला म्हणून सासूबाईंनी संध्याकाळी मला नुसतं सूप वाढलं.

आता त्यांचं गेल्या आठवड्याचं पत्र आठव. यंदा चोवीस तारखेला दोघींकडेही येणं जमणार नाही, दुसरीकडे जायचं ठरलंय. दुसरीकडे म्हणजे कुठे, ते मला पडद्यावर दिसलं. विधुर माणूस, स्वतःचं घर, ऊन येणारी खोली. मध असेल तिथे मुंग्या यायच्याच. तिच्या गळ्यात हिरवा स्कार्फ आहे, तो आईचा असल्याची मला जवळजवळ खात्री आहे. तू पाहा आणि कळव.

मुलांना गोड पापा. माझ्यावरचा लोभ वाढू दे, आणि माझा संशय खोटा ठरू दे.

तुझी,
योला

---

झेशूव, २१ नोव्हेंबर

ति. योलाताईस,
सा. न. वि. वि.

सिनेमा पाहिला. आईचा हिरवा स्कार्फ माझ्या कपाटात आहे, डांबराच्या गोळ्यांसकट. तुला संशय आला की जगातलं सगळं हिरवं आईचं होतं. आता पुढचं ऐक, कारण तुझ्या हातून एक जागा निसटली. गाडीतल्या बाळाच्या गोष्टीतही ते दोघं आहेत. फलाटावरून जातात आणि पिशवी बाबांच्या हातात असते. रोमान म्हणाला, तुझ्या वडिलांची सहावी गोष्ट या पाचांपेक्षा बरी आहे.

ताई, मला चष्म्याचं काही वाटलं नाही. मला खुपलं ते त्यांचं हसणं. त्या टेबलाशी पापडी मोडताना ती बाई काहीतरी बोलते आणि बाबा खदखदून हसतात, अगदी डोळे मिटून. आई गेल्यापासून मी त्यांना असं हसताना पाहिलं नव्हतं. माझ्याकडे येतात तेव्हा मुलांना चॉकलेट देतात, खिडकीशी बसतात आणि परतीच्या गाडीची वेळ विचारतात. परक्या माणसाच्या सिनेमात हसतात, आणि माझ्या घरात का हसत नाहीत? मी थिएटरात रडले. लोकांना वाटलं बाळासाठी रडतेय.

आता रागावू नकोस, पण मला तुझाही थोडा संशय येतोय. गेल्या विगिलियाला बाबा तुझ्याकडे होते. एवढी मोठी संध्याकाळ, गप्पा झाल्याच असणार. तेव्हा त्या बाईबद्दल एक अक्षरही निघालं नाही? आईच्या थडग्यावर कोणती ओळ कोरायची यावरून आपलं वाजलं होतं, ईस्टरपर्यंत आपण बोलत नव्हतो, म्हणून मी तुला काही विचारलं नाही. बाबांना मात्र विचारलं होतं, ताईकडचा मासा कसा होता. म्हणाले, चांगला होता, काटे फार होते. तुला काही ठाऊक असेल तर आता तरी सांग. मला कळलं का हे पाहण्यासाठी तू मला सिनेमाला पाठवलंस, असं मनात येऊन गेलं.

थोरल्यांना नमस्कार. राग आला तरी पत्राचं उत्तर धाडावं, एवढं मागणं.

तुझी धाकटी,
इर्मिना

---

तार्नूव, २६ नोव्हेंबर

चि. इर्मिनास,
अ. उ. आ.

तुझं पत्र स्वयंपाकघरात उभ्यानेच वाचलं आणि मग खुर्ची ओढून पुन्हा वाचलं.

इर्मिना, बाबा माझ्याकडे नव्हते. ते तुझ्याकडे होते. मला त्यांनी डिसेंबरच्या सुरुवातीलाच सांगितलं होतं, की यंदा झेशूवला जातो, नाहीतर धाकटीला वाटेल मी भांडणात तुझी बाजू घेतली. मला ते लागलं, पण मी म्हटलं जा. तुझ्या हातचं बिटाचं सार कसं झालं होतं हे मीही विचारलं होतं, टोमणा म्हणून. म्हणाले, जरा आंबट, पण प्यायलो दोन वाट्या. मला बरं वाटलं होतं, की तुझं सार आंबट झालं.

आपल्याकडे अनोळखी पाहुण्यासाठी जास्तीचं ताट मांडतात. मी मांडलं होतं, तूही मांडलं असशील. दोन्ही घरांत ते रिकामं होतं, आणि बाप कुठे होता हे दोघींनाही माहीत नव्हतं.

रागाने म्हण की भीतीने, माझं डोकं पुन्हा तिथेच जातंय. ते तिच्याकडेच असणार. म्हणजे हे गेल्या वर्षापासून चाललंय, आणि आपल्याला दोन्हीकडून गुंडाळलं. तसं नसेल तर ते कुठे होते, हा विचार मला करायचाही नाही. म्हणून ती बाईच असू दे, असंसुद्धा वाटतंय. बघ काय वेळ आली.

त्यांना तू विचार. मी लिहिलं की पत्राला पोलीस चौकीचा वास येतो, असं ते स्वतःच म्हणाले आहेत. सरळ विचार, की गेल्या चोवीस तारखेला तुम्ही कुठे होता आणि ही बाई कोण.

उत्तर येईल तसंच्या तसं मला पाठव. भांडणाचं पुढे पाहू. तूर्त बहिणीवर विश्वास असू दे.

तुझी,
योला

---

क्राकूव, ८ डिसेंबर

चि. योला आणि चि. इर्मिना,
दोघींस अनेक आशीर्वाद.

इर्मिनाचं पत्र आलं. लिहिलं तिने, पण प्रश्न योलाचे आहेत हे मी ओळखलं. एकच उत्तर दोघींना लिहितोय, निरनिराळं सांगितलं की काय होतं ते आता कळलंच आहे.

गेल्या विगिलियाला मी घरी होतो. तुम्ही दोघी बोलत नव्हता. एकीकडे जेवलो असतो तर दुसरीने ते जन्मभर काढलं असतं, तुमच्या आईच्या वळणावर गेला आहात. म्हटलं, दोघींना सांगावं दुसरीकडे आहे, म्हणजे कोणाचं मन मोडणार नाही. आयुष्यभर ट्राम चालवली, दोन थांब्यांच्या मध्ये थांबायची मला सवय आहे. पाकिटातलं सार गरम केलं. पण सगळ्या जिन्यात गाणी ऐकू यायला लागली तेव्हा घरात बसवेना. खाली उतरलो आणि एकेका मजल्यावर थांबलो. प्रत्येक दाराआड जास्तीचं ताट मांडलेलं होतं, हे मला माहीत होतं. पण ते ताट लोक मांडतात ते कोणी येणार नाही अशा खात्रीने. मी कोणाचीच घंटा वाजवली नाही. वर येऊन झोपलो.

मार्चमध्ये पेन्शनरांच्या क्लबात नोटीस लागली, की सिनेमावाल्यांना स्वतःचे हिवाळी कोट असलेले म्हातारे हवेत. कोट होता, गेलो. आम्ही गर्दीतले, त्यामुळे पाचही गोष्टींतून आम्हालाच फिरवलं. एका पोरीने मला आणि लुद्विकाबाईंना शेजारी उभं केलं आणि सांगितलं, तुम्ही नवरा-बायको. बर्फ कागदाचा होता. तो त्यांच्या चष्म्याला चिकटला, त्यांना पायरी दिसेना, म्हणून पुसला. योला, एवढीच ती भानगड. टेबलावरचा कार्प मासा मात्र तीन दिवस एकच होता, तेल चोपडलेला.

त्या टेबलाशी आम्हाला सांगितलं होतं, की पापडी मोडा, शुभेच्छा द्या, हवं ते बोला, तुमचा आवाज सिनेमात येणार नाही. लुद्विकाबाईंनी विचारलं, गेल्या विगिलियाला कुठे होता. मी म्हटलं, मुलीकडे. त्या म्हणाल्या, मीही मुलाकडे होते, नॉर्वेत. आणि मग माझ्याकडे बघून म्हणाल्या, की मी तर अजून विमानसुद्धा जवळून पाहिलेलं नाही. तेव्हा मी हसलो. इर्मिना, तुला दिसलं ते हे.

दुपारच्या सुटीत कळलं, टेबलावरच्या आणखी दोघांनीही घरच्यांना असंच काहीतरी सांगितलं होतं. तिथेच ठरलं, की यंदा चोवीस तारखेला लुद्विकाबाईंकडे बसायचं आणि खरा मासा खायचा. मी शब्द दिलाय. नोव्हा हुता भागात, जुन्या बेकरीवरचा दुसरा मजला. पत्ता यासाठी देतोय, की योलाला हेर नेमावे लागू नयेत.

त्याच पत्रात तुम्ही दोघींनी आता बोलावलंत, तेही ‘नक्की या’ असं. आनंद वाटला, खोटं नाही सांगत. पण माझ्यासाठी तुम्ही आता घाईघाईने एक व्हाल, आणि मी तिथे बसून दोघींच्या तोंडाकडे बघत राहीन. त्यापेक्षा हे बरं. चर्चमधून आणलेली पापडी दोघींसाठी सोबत ठेवतोय, माझ्या नावाने मोडून खा.

नातवंडांना सांगा, आजोबांनी सिनेमात काम केलं, पण नट झाले नाहीत. माझी काळजी थोडी करा, एकमेकींची जास्त करा.

तुमचे,
बाबा

---

तार्नूव, १४ डिसेंबर

चि. इर्मिनास,
अ. उ. आ.

बाबांनी पत्र माझ्या पत्त्यावर धाडलं, ते या पाकिटात आहे. पापडी नाही, ती माझ्याकडे ठेवलीय. पोस्टात तिचे चार तुकडे झाले.

पाकिटातून पापडी कोणाला पाठवतात, हे तुला आठवतं ना? आई शिकागोच्या मामाला पाठवायची. त्याआधी आजी तुरुंगातल्या आजोबांना पाठवायची. ज्याला येता येत नाही त्याला. आपण दोघी त्याच रेल्वेच्या रुळावर राहतो, मी तासाभरावर, तू त्याच्या दुप्पट, आणि बापाला आपल्याला पापडी पोस्टाने पाठवावी लागली. पत्र वाचून मी खूप रडले, हे लिहायची लाज वाटत नाही. विक्तोर टीव्ही बंद करून शेजारी येऊन बसला होता.

मी ती पापडी खाणार नाही. चोवीस तारखेला दुपारच्या गाडीत तू झेशूवला चढ. तीच गाडी तार्नूवला येते, मी फलाटावर असेन. सासूबाईंना सांगितलंय, की यंदा मासा विक्तोर तळणार आहे. त्या माझ्याशी बोलत नाहीत आणि घर शांत आहे. तू रोमानला काय सांगायचं ते सांग, पण खरं सांग. थडग्यावर तुला हवी तीच ओळ कोरू. मी त्या ओळीसाठी भांडत नव्हते, तुझ्याशी भांडत होते.

लुद्विकाबाईंबद्दल माझं मत अजून बनलेलं नाही. हिरव्या स्कार्फचं तुझ्या तोंडून ऐकलंय, डोळ्यांनी पाहिलेलं नाही, येताना तो घेऊन ये. त्यांनी दार उघडल्यावर काय म्हणायचं ते मला सुचत नाही. जागा नाही म्हणाल्या तर आपण दोघी स्वयंपाकघरात उभ्याने जेवू. पण आपण येतोय याची बाबांना कुणकुणही लागू देऊ नकोस, फोनवरही नको. त्यांना कळलं तर तुला सांगतील मी ताईकडे निघालोय, आणि मला सांगतील मी इर्मिनाकडे.

तुझी,
योला