ब्रेकच्या दिवशीची हजेरी

प्रिय आक्का,

उद्या माझा ब्रेक आहे. तू गेल्याला दोन पावसाळे झाले आणि आज तुला पत्र लिहायला बसले, ते काही रडायला नव्हे. राग आलाय, आणि तो ऐकून घेणारं घरात दुसरं कोणी नाही.

गँगवर नवा मुकादम आलाय. संध्याकाळी फावडी ठेवताना म्हणाला, "ब्रेकवाल्यांनी उद्या हितं फिरकायचं न्हाई. दिसला तर पुन्हा कामावर घेणार न्हाई." बोलताना नजर माझ्यावरच! घेतलं नाही तर खायचं काय? आपलं हातावरचं पोट.

पण तुझी बहीण ना मी!

आणीबाणी उठली त्या साली आपण दोघी खानापूर रस्त्याच्या गँगवर रोजंदारीने लागलो. खड्डे भरायचे, खडी पसरायची, डांबराच्या धुरात डोळे चोळायचे. रस्ता सरकारी, फावडं सरकारी, आपण मात्र कुणाच्याच नव्हे. सलग नोकरी झाली तर कायम करावं लागेल, म्हणून मधेच चार दिवस नाव गाळायचं आणि पाचव्या दिवशी 'नव्याने लागलीस' म्हणायचं. त्याचंच नाव ब्रेक. गरज सरो, वैद्य मरो!

तुझा पहिला ब्रेक आठवतो? चिंचेखाली हजेरी चाललेली. जुन्या मुकादमाने तुझं नाव गाळून पुढचं घेतलं, तशी तू ठणकावून म्हणालीस, "हजर!"

"तुझं नाव घेतलंच न्हाई गं आक्का."

"घेतलं न्हाईसा म्हणून मी हितं न्हाई व्हय?"

सगळी गँग हसली. तू दिवसभर तिथंच बसून राहिलीस, पण खडीच्या पाटीला हात लावला नाहीस. "हजेरी न्हाई तर पाटी न्हाई." दुपारी आम्ही आपापल्या भाकरीतली चतकोर चतकोर तुला दिली. तेव्हापासून रीतच पडली. ज्याचा ब्रेक असेल त्याने यायचं, हजर म्हणायचं, चिंचेखाली बसायचं, आणि बाकीच्यांनी त्याला जेवू घालायचं.

आणि खानापूरच्या ऑफिसातला तो क्लार्क? कायम कधी करणार, विचारलं की मान वर न करता म्हणायचा, "नाळे बा." उद्या ये. एकदा तू त्याला कानडीतच विचारलंस, "नाळे यावाग बरतैत्री?" हा उद्या येतो तरी कधी? त्याने मान वर केली, ती तेवढी एकदाच.

एका गोष्टीसाठी मात्र तुझ्याशी भांडायचंय. एवढा ताप अंगात असताना खडी वाहायला कशाला आलीस? म्हणे, "घरी राह्यले तर खराखुरा खाडा हुईल. त्यास्नी आयतंच निमित्त." किती विनवलं तुला! दवाखान्यात नेलं तेव्हा उशीर झाला होता. त्या हट्टाची मला अजून चीड येते आक्का. आता साहेबसुद्धा तुझे गोडवे गातात. मेल्या म्हशीला मणभर दूध!

तुला माहीत नाही ते सांगते. कायम करा म्हणून गँगने घातलेला आपला खटला मागच्या महिन्यात बेळगावच्या कोर्टात सुनावणीला निघाला. सरकारी वकील म्हणाला, ही माणसं मधेमधे काम सोडून जायची. आपल्या जुन्या मुकादमाला पिंजऱ्यात उभं केलं. किती भित्रा माणूस तो! पण म्हणाला, "सोडून कशी जातील साहेब? ब्रेकला बी यायची. रोज माझ्या कानात वरडायची, हजर म्हणून."

तुझी थट्टा कोर्टात कामाला आली गं! मी तिथंच पदराने डोळे पुसले. आठवड्यात त्याची बदली झाली आणि हा नवा आला. चिंचेखाली कोणी दिसू नये, हेच त्याचं पहिलं काम. निकाल अजून लागायचाय.

आज घरी येताना बायका दबक्या आवाजात म्हणाल्या, "काय करतीस गं शेवंता?"

मी म्हटलं, "उद्या भाकरी जादा आणा."

तर आक्का, हा माझा शब्द. उद्या तू उभी राहायचीस तिथंच मी उभी राहीन. तो माझं नाव गाळेल आणि मी हजर म्हणेन. हाकललं तर रस्त्यापलीकडे बसेन आणि परवा पुन्हा येईन. आणि ताप आला तर मात्र सरळ दवाखाना गाठीन. तुझ्यासारखं मधेच मरायचं नाही मला. कायम व्हायचंय.

उद्या हजर असणारी,
तुझी शेवंता