दर अकरा सेकंदांनी

४ फेब्रुवारी

माफ कर, वही. तीन आठवडे तुला हात लावला नाही. दिवसभर दुसऱ्यांचे भास टिपून घरी आलं की पेन धरवत नाही — हे कारण अर्धंच खरं. उरलेलं अर्धं आज लिहिते.

प्रयोगशाळेतली आमची अंधारखोली: उजेड नाही, आवाज नाही. माणूस आठ तास आत पडून राहतो. दिसेल, ऐकू येईल ते माइकवर सांगतो. मी बाहेर तक्ता भरते. रकाना एकच — ‘भास’. गेल्या महिन्यात एक निवृत्त घड्याळजी आजोबा आत होते. “थेंब पडतोय, बाई. दर अकरा सेकंदांनी.” मी लिहिलं, भास. बाहेर आल्यावर त्यांनी थेंबाचं विचारलं, तर हसून म्हटलंही, “आत काहीच नव्हतं, आजोबा.” तपासलं होतं का मी? नाही!

आज त्यांच्या मुलीचा फोन. “बाबा बेल वाजवली तरी उघडत नाहीत. शेवटी मी माझ्या किल्लीने आत जाते. म्हणतात, वाजली कशावरून? घड्याळ कानाला लावणंही सोडलंय.”

५ फेब्रुवारी

प्रयोग चालवणाऱ्या डॉक्टरांना म्हटलं, खोली तपासू या. “अहो बाई, भिंतीत भिंत घालून बांधलीय ती. थेंब येणार कुठून?” मग मीच आत बसते म्हटलं. लगेच हो म्हणाले — फुकटात माणूस मिळाला!

नवरा म्हणे, “घरात कुणी ऐकत नाही म्हणून तिथे बोलणार का?” हसले. पण जाणार.

७ फेब्रुवारी

काल बसले. तिसऱ्या तासाला आईने हाक मारली — तिला जाऊन सहा वर्षं झाली. मग थेंब. दोन्ही आवाज सारखेच खरे वाटले! माझ्या कानांवर विसंबायचं नाही, हे ठरवूनच गेले होते. आवाजाच्या दिशेने रांगत गेले. हवेच्या नळीची जाळी हाताला लागली. ती काढून आत रुमाल कोंबला.

थेंब थांबला. आईची हाक थांबली नाही.

बाहेर येऊन रुमाल डॉक्टरांच्या टेबलावर पिळला. पाणी! त्यांनी ओल्या टेबलावर बोट फिरवलं. मग, “आजवरच्या तक्त्यांचं काय करायचं?”

“पहिल्यापासून तपासायचे,” मी म्हटलं.

८ फेब्रुवारी

आजोबांच्या मुलीने त्यांना माझा निरोप सांगितला — थेंब खरा होता. आजोबा म्हणाले, “समजूत काढताय माझी.”

उद्या: त्यांच्या दाराशी उभं राहून बेल वाजवणे. ते उघडेपर्यंत — दर अकरा सेकंदांनी.