एका दिवसाचा रस्ता

अण्णा, तुमच्यावरचा राग अजून उतरलेला नाही, आणि आता तो उतरेल असं वाटतही नाही.

राजुरीच्या आपल्या वस्तीवर जायचा रस्ता तात्यांनी, तुमच्या सख्ख्या धाकट्या भावाने, बाभळीच्या काट्या टाकून बंद केला. तुम्ही जुन्नरच्या कोर्टात गेलात आणि जिंकलात. रस्ता अडवायचा नाही, असा हुकूम झाला. त्या दिवशी तुम्ही पेढे आणलेत आणि त्यातले थोडे आईला तात्यांच्या घरी द्यायला लावलेत. त्यांनी पेढे खाल्ले. काट्या तशाच राहिल्या, आणि आई डोक्यावर टोमॅटोची पाटी घेऊन ओढ्यातून ये-जा करत राहिली. वकील म्हणत होते, हुकूम मोडलाय, अवमानाचा अर्ज टाका, तुरुंगाच्या भीतीने सुतासारखे सरळ होतील. मंचरहून माहेरी आले की मीही तेच सांगायचे. तुम्ही चुलीपुढे बसून भाकरी कुस्करत म्हणालात, "भावाला आत घालायचं व्हय? हुकूम झालाय ना, आज ना उद्या पाळंल त्यो." चांगले तुम्ही ठरलात अण्णा, पाण्यातून मात्र आई चालली.

मग तुम्ही गेलात. तात्या सगळ्यांच्या आधी आले, धाय मोकलून रडले आणि स्वतःच्या हाताने त्यांनी काट्या ओढून बाजूला केल्या. मयत अडवायची नाही, एवढी रीत गावात अजून आहे. मी दारात उभी आहे. तुमची तिरडी त्या मोकळ्या रस्त्याने चालली आहे आणि पुढचा खांदा तात्यांचाच आहे. दहाव्याला परत आले, तर काट्या होत्या तिथे होत्या.

अर्ज मग मीच आईला करायला लावला. लेकीने चुलत्याला कोर्टात ओढलं म्हणून भावकीने यथेच्छ तोंडसुख घेतलं. आणि तात्यांचा वकील कोर्टात काय म्हणाला, ऐका. रस्ता खुलाच आहे साहेब, सगळ्या गावाने त्यावरून मयत नेली आहे. तुमचं मरण त्यांनी पुराव्याला वापरलं. साहेबांनी ते मानलं नाही. तुरुंगाचं नाव निघताच तात्यांनी हात जोडून माफी मागितली, काट्या काढल्या आणि प्रकरण मिटलं. अपमान कोर्टाचा, म्हणून माफीही कोर्टाला. आईकडे त्यांनी मान वर करून पाहिलंसुद्धा नाही.

आता त्या रस्त्याने ट्रॅक्टर जातो. आई जात नाही. मी चिडून विचारलं, एवढं भांडलो ते कुणासाठी? ती म्हणाली, "त्या वाटनं त्यांना नेताना पाह्यलंय मी. मला न्हाई जाववत." आणि लुगडं खोचून ओढ्यात उतरली.

तिच्यावर रागवावं की तुमच्यावर, तेच मला कळत नाही. पण तुम्हाला म्हणून सांगते, माहेरी गेले की मीही चपला हातात घेऊन तिच्या मागोमाग ओढ्यातूनच जाते.