ह्वावांगच्या तटाआड

कनाटा,
१५ फेब्रुवारी २००९

ती. सौ. जयंतीताईस शि. सा. न. वि. वि.

कोरियातलं ऑफिसचं काम आटोपून काल घरी पोचलो. फोनवर सांगवेना, म्हणून लिहितोय. ताई, मैत्रेयी बर्फावर घसरलेली नाही. तिचे तळहात भाजलेत.

सोमवारी तिला तिथल्या शाळेत शिकवण्यातून सुट्टी होती, म्हणून मामा-भाची ह्वावांग डोंगरावर गेलो. माथ्यावर पडका दगडी तट आणि आत पुरुषभर उंच गवत. वर्षाच्या पहिल्या पौर्णिमेचा उत्सव म्हणून ते पेटवणार होते. चारशे वर्षांपूर्वी जपानी फौज या तटाखाली आली आणि न लढताच निघून गेली, असं तुझी लेक सांगत होती. अगदी तुझ्यासारखी, मध्ये कुणाला बोलू न देता.

चंद्र वर आला, गवत पेटलं, टाळ्या पडल्या. आणि वारा उलटला. ज्वाळा थेट गर्दीवर आल्या. मी मैत्रेयीला खिंडारातून तटापलीकडे ओढलं. वळून बघतो तर ती परत आत! एका आजींचा कोट पेटला होता, तो ती नुसत्या हातांनी विझवत होती. आजी वाचल्या. सगळे नाही वाचले.

आईला सांगायचं नाही, अशी तिने शपथ घातली होती. मोडली. रागावलीस तरी माया आटू देऊ नकोस.

तुझा,
नंदन

कॅल्गरी,
२१ फेब्रुवारी २००९

चि. नंदनास अनेक आशीर्वाद.

पत्र मेलबॉक्सपाशीच उघडलं. उणे वीसमध्ये किती वेळ उभी होते कोण जाणे. मैत्रेयीच्या बाबांनी हाताला धरून आत नेलं. अरे, स्नो बूट घातले नाहीत म्हणून पडले, असं ती हसत सांगत होती आणि मी तिला बुटांवरून लेक्चर दिलं!

मग फोन लावला. तिच्या मैत्रिणीने तो तिच्या कानाला धरला. आधी मी ओरडले, मग ती. आत्ताच्या आत्ता घरी ये म्हटलं, तर इंग्लिशमध्ये ठाम नाही म्हणाली. मार्चमध्ये तिची मुलं नव्या वर्गात येणार आहेत. मग मराठीत म्हणाली, की आई, मला चमचा धरता येत नाही.

मंगळवारी निघतेय. तिला परत आणायला नाही, भरवायला.

सुमेधाशीही बोलले. तुझी बायको म्हणते, तू ताटावरून तसाच उठतोस. जेवत जा रे. माझ्या पोरीला बाहेर ओढलंस, हे तू एका ओळीत उरकलंस. मी ती ओळ अजून वाचतेय.

रागासकट तुझीच,
ताई