पन्नास भाज्यांची चिठ्ठी

नाशिक
१२ ऑगस्ट २००७

प्रिय सिंधू,

दोघींची टेबलं चिकटून, आन् ही चंद्री पत्र लिहिती! हस बाई, हसून घे. तोंडावर सांगायला धजले नाय.

आपल्या भाजीपाला संस्थेत कॉम्प्युटर आला तवा सायेब म्हणाले, कोर्स पास होईल ती हितं पावत्यांवर राहील, दुसरी सिन्नरच्या गाळ्यावर. तू माऊसला हात लावायच्या आधी नमस्कार करायचीस. मी चिडवायचे, उंदीर हाय, मोदक पण ठेव! तू लाजायचीस, पण आजारी सासूचं सगळं उरकून रोज धडा वाचायचीस. मी वही उघडली नाय.

परीक्षेला माझ्या हातात बाजाराची चिठ्ठी व्हती. कारलं, बटाटा, बटाटा, अळू, डांगर... तू म्हणालीस, एकटीला एवढा बटाटा कशाला गं? मी म्हटलं, स्वर्गातनं आमचे मालक येणारेत जेवायला. केवढ्यांदा हसलीस! सिंधे, ती भाजी नव्हती. अ म्हंजे अळू, ब बटाटा, क कारलं, ड डांगर. पेपर दर खेपेला तोच असतो, माझ्या भाच्यानं, ज्ञानेशनं, सायबर कॅफेत बसून इंटरनेटवरनं त्याची उत्तरं शोधून दिली व्हती. मी प्रश्न वाचलेच नाय. नुसती भाजी निवडत बसले.

मला पन्नासात शेहेचाळीस. तू दोन मार्कांनी नापास झालीस. वर तूच पेढे आणलेस, आमची चंद्री वांड दिसती पण डोकं लय, असं सगळ्यांना सांगत सुटलीस. पेढा तोंडात नुसता फिरत राहिला.

काल तुझी सिन्नरची ऑर्डर टाईप करायला सायबांनी मलाच बसवलं. तू मागं उभी राहून म्हणालीस, नाव नीट लिही गं, धू दीर्घ. सासूला कुणावर टाकून जाणार, ते बोललीच नाय. मी तशीच उठले, सायबांकडं गेले आन् सगळं ओकले. तुझी ऑर्डर थांबली. दोन महिन्यांनी परत परीक्षा हाय, तू दे. सोमवारपासनं सिन्नरची एसटी मी धरते. सायेब तुला उद्या सांगतील, त्याच्या आधी माझ्याकडनं कळावं म्हणून हे लिहिलं. माफ केलं म्हणायची घाई करू नको. तुझा सोभाव मला ठावं हाय, म्हणून तर तोंड लपवून चालले.

तुझीच, अजून म्हणू देशील तर,
चंद्रभागा