नवरदेव काढायचा आहे

सोफिया, ५ मार्च १९७९, सकाळ.
आमचा नट ओग्न्यान व्हिएन्नाला गेला आणि तिकडेच राहिला, म्हणजे पळाला. सरकारी सिनेमा कमिटीचा हुकूम : तयार सिनेमातून त्याला काढा. पोस्टमन झालाय तो, अकरा सीन. मी सतरा वर्षं एडिटर आहे, खाटीक नाही. आज दिग्दर्शकाला स्पष्ट नकार देणार.

दुपार.
दिग्दर्शक वेलिच्कोच आधी रडला. रडणाऱ्याला नाही कसं म्हणायचं? उद्या.

९ मार्च.
सात सीन काढले. अभ्यास म्हणून. नकार द्यायचा तर काम नीट माहीत हवं.

१४ मार्च.
अकराही गेले. आता सिनेमातल्या गावात पत्रं आपोआप येतात. बायको त्स्वेता म्हणाली, घाबरलायस, कबूल कर आणि जेव. म्हटलं, भीती नाही, ॲसिडिटी आहे. तिच्या हातची चीज भरलेली बनित्सासुद्धा उतरत नाही घशाखाली.

२६ मार्च, संध्याकाळ.
कमिटीचा शो. लग्नाच्या नाचात अचानक ओग्न्यानची पाठ. चार सेकंद. राहून गेली असं नाही. निषेध म्हणून मीच ठेवली असणार. मी कोट घालूनच बसलो, हॉल थंड होता. अध्यक्ष ह्रिस्तोझोव्ह यांनी वहीत काहीतरी लिहिलं.

२७ मार्च.
फोन नाही. वाईट लक्षण. निषेधाची जबाबदारी मी एकटा घेणार. वेलिच्कोचं नाव सांगणार नाही. अगदीच खोदून विचारलं तर सांगेन.

२९ मार्च.
आला फोन. उद्या अकराला, अध्यक्षांच्या खोलीत, एकट्याने. त्स्वेताने पिशवीत लोकरी मोजे आणि साबण भरला. म्हणाली, आता तरी घाबर रे. म्हटलं, इतिहास माझी... आवाज बसलाय, वाक्य पुरं झालं नाही.

३० मार्च, दुपार.
पिशवी घेऊन गेलो. अध्यक्षांनी दाराला आतून कडी घातली. म्हणाले, बसा कॉम्रेड गेन्चेव्ह. मी गेर्जिकोव्ह. दुरुस्ती केली नाही. टेबलावर फिल्मचा डबा. म्हणाले, लेकीच्या लग्नाची आहे, पोरीचा संसार मोडला. नवरदेव काढायचा, बाकी लग्न ठेवायचं. तुमचा हात फार सफाईचा, त्या सिनेमात पोस्टमन होता असं वाटतसुद्धा नाही.
म्हणजे निषेध कोणाला दिसलाच नव्हता.
नकार देणारच होतो. सोमवारी देतो म्हणालो. जिन्यात मटकन खाली बसलो, आनंदाने.

संध्याकाळ.
घरी डोळ्याला भिंग लावून फिल्म पाहिली. नवरदेव प्रत्येक फ्रेममध्ये आहे.