तेल लावलेल्या प्लेटा

२७ सप्टेंबर ८७, पालघर

शेवटी प्लेटा आल्या. टेम्पो म्हणे उमरोळीच्या फाटकात अडकला. ड्रायव्हर चहा पिऊन तोंड पुसत उतरला. मी ओरडलो, विन्या हसला. मी ओरडायचं आणि त्याने हसायचं, हॉस्टेलपासून हीच वाटणी. धंद्यातही तेच. गिऱ्हाइकाशी गोड बोलणं त्याच्याकडे, साइट माझ्याकडे.

बोईसरचं काम, कापड रंगवायचा कारखाना. दिवाळीनंतर वरच्या मजल्यावर नवं सुकवणीचं मशीन बसणार. खालचे बीम तेवढ्या वजनासाठी बांधलेलेच नाहीत, मधल्याला तर तडे आहेत. म्हणून बीमच्या पोटाला लोखंडी प्लेट रेझिनने चिकटवायची. नीट चिकटली की बीम आणि प्लेट मिळून वजन घेतात. नाही चिकटली तर प्लेट नुसती खाली लटकते आणि बीम एकटा. मॅनेजरला समजावताना मी म्हटलं, नवरा-बायकोसारखं असतं हे. बाहेर आल्यावर विन्या म्हणाला, "शशा, तू बाबा तडेच बघत जा."

खाली घडी खातं. बेटेगावच्या बायका कापडाच्या घड्या घालतात आणि मधल्या बीमखाली जेवायला बसतात, तिथे दारातून वारा येतो. सध्या टेकू लावलेत म्हणून त्यांना उठवलंय. पार्वतीबाई त्यांची पुढारी. "आमची जागा कवा देतंस?" म्हटलं, दिवाळीच्या आत.

२९ सप्टें.

काँक्रीट टोचून झालं. खडी उघडी पडली, छान खडबडीत. प्लेटा घासायच्या राहिल्या.

आप्पांची तार. बरं नाही, दसऱ्याला येऊन जा. विन्या म्हणाला, "जा की. मी काय मेलोय का?" जानू मुकादमाला आणि त्याला, दोघांना समोर उभं करून सांगितलं: प्लेट पांढरी होईपर्यंत घासायची, घासली त्याच दिवशी लावायची. मध्ये घामाचा हातसुद्धा लागता कामा नये. एका बाजूला समुद्र आणि दुसऱ्या बाजूला केमिकलच्या चिमण्या, इथल्या हवेत लोखंड रात्रीत तांबडं होतं.

घरी बायकोचं, वसूचं, एकच: तुझं दाजींना शिकवणं कधी संपणार. माझ्या बहिणीचा नवरा म्हणून दाजी म्हणायचं ते लोकांत. मला तो विन्याच.

२ ऑक्टो., कऱ्हाड

दसरा. आप्पा उठून बसले, सोनं घेतलं. पहिला प्रश्न, "विनायकराव कसे आहेत?" मग दुसरा, ताई कशी आहे. मी कसा आहे हे कोणी विचारत नाही. ताईसाठी विन्याचं स्थळ मीच आणलेलं. पत्रिका जुळत नव्हती तेव्हा आप्पांना म्हणालो होतो, पत्रिका सोडा, मी त्याला आतून-बाहेरून ओळखतो. अजून आल्यागेल्याला सांगतात.

५ ऑक्टो.

साइटवर गेलो तर सगळ्या प्लेटा वर! बोल्ट आवळलेले, वरून करडा रंगसुद्धा मारलेला. विन्या कमरेवर हात ठेवून, "झालं की नाही तुझ्याशिवाय?" मिठी मारली त्याला. खरंच मारली.

रंगाची घाई कशाला केली कळलं नाही. मी आधी ठोकून पाहणार होतो. "मॅनेजर येणार होता, बरं दिसायला नको?"

७ ऑक्टो.

हातोडी घेऊन शिडीवर. मधल्या बीमची प्लेट टोकांना भरीव वाजते, तिथे बोल्ट आहेत. मधे पोकळ, म्हणजे तिथे चिकटलेलीच नाही. पुढे सरकलो, पुन्हा पोकळ. दुसऱ्या बीमवरही तसंच.

विन्या म्हणाला, "रेझिनला वेळ लागतो." एवढा? "पावसाळी हवा आहे अजून." हवा तर कोरडी आहे. पण रेझिन घट्ट करणारा हार्डनर कमी पडला असेल, कुणास ठाऊक. दोन दिवस थांबतो.

११ ऑक्टो.

पोकळच.

१२ ऑक्टो.

आज कळलं.

प्लेटची कड रंगातून सुटली होती, तिथे पिवळं-तांबडं काहीतरी. नखाने खरवडलं. हळदकुंकू. जानूला बोलावलं. तो आनंदाने सांगू लागला, "खंडेनवमीची पूजा केली ना साहेब. तुमी नव्हतंव. हत्यारं, मशीन, प्लेटा, समद्यांची केली."

"प्लेटांची कशाला?"

"एवढा झकास घासलेला लोखंड. शेठ रेझिन घेऊन आलंच नाय त्या दिशी, मंग दसऱ्याची सुट्टी. गंज धरंल म्हून तेल लावला. आमी कोयत्याला लावतो तसा."

सगळ्या प्लेटांना. खोबरेल. हाताने चोळून.

त्याच्यावर काय रागावू? त्याच्या घरी धार लावलेलं लोखंड सणाला कोरडं ठेवत नाहीत. त्याने माझ्या प्लेटांची काळजीच घेतली. मी घामाचा हात म्हणालो होतो, तेल म्हणालो नव्हतो. कुणाच्या डोक्यात येईल?

मग विचारलं, विनायकशेठना माहीत होतं?

"नारल त्यांनीच फोडला. लावायच्या दिशी मीच बोललो, शेठ तेल हाय, परत घासू का? ते बोलले, फडक्यान पुसा नि लावा."

एवढं बोलून जानू माझ्या तोंडाकडे बघत राहिला. "काय चुकला का साहेब?" म्हटलं, तुझं नाही. डबा तसाच परत आणला.

१३ ऑक्टो.

विन्याशी बोललो. ऑफिसात नको म्हणून स्टेशनामागच्या रस्त्याने चालत. नाकारलं नाही त्याने, हेच जास्त लागलं. "हो, तेल होतं. पुसलं ना."

तेलावर रेझिन धरत नाही हे पहिल्या वर्षाचं पोरगंसुद्धा सांगेल. "बोल्ट आहेत की." बोल्ट प्लेटचं वजन पेलतात रे, बीमचं नाही. "थोडंफार तर धरलं असेल. इतका फॅक्टर ऑफ सेफ्टी कशासाठी ठेवतो आपण?"

माझ्यापासून का लपवलं? मी ठोकत होतो, विचारत होतो, तू हवेची कारणं देत होतास. मग म्हणाला, "तुला सांगितलं असतं तर तू सगळं उतरवायला लावलं असतंस." अर्थात लावलं असतं!

मग शपथ. ताईच्या गळ्याची. दिवाळीच्या आत नवीन रेझिन मागवतो, प्लेटा उतरवून, घासून पुन्हा लावू. मॅनेजरला आत्ताच कशाला घाबरवायचं, मशीन यायला अवकाश आहे.

बरं म्हणालो. ताईची शपथ तो खोटी घेणार नाही.

१५ ऑक्टो.

मॅनेजर भेटला, भलताच खूश. "विनायकजी बोले, आपने खुद ठोक के देखा. आपने बोला तो बस, मुझे और किसी का नहीं चाहिए."

मी खुद ठोकून पाहिलं. हो. विन्याने एक अक्षरही खोटं सांगितलं नाही. हातोडी माझी, कान माझे, आणि काय ऐकू आलं तेवढं त्याने गाळलं. माझं नाव पुढे करून तेलकट प्लेटा खपवल्या. संताप, संताप. तिथेच सांगून टाकणार होतो. शपथ आठवली, गप्प बसलो.

१९ ऑक्टो.

रेझिन मागवलेलंच नाही. दुकानात मीच फोन केला, त्यांना पत्ता नाही. जानूची माणसं विन्याने दिवाळीसाठी सोडून दिली. टेकूही काढून स्टोअरमध्ये नेऊन ठेवले. "कारखानाच बंद उद्यापासून, काय करायचं?" असं माझ्याकडे न बघता म्हणाला.

घडी खात्यात गेलो. पार्वतीबाई आणि मंडळी पुन्हा मधल्या बीमखाली जेवत. म्हटलं, इथे बसू नका. ती म्हणाली, "तुमच्या शेठनी तं सांगला, बसा आता बिनधास्त." भाकरीवर सुकटीची चटणी होती, मला देऊ केली. उभ्या-उभ्या खाल्ली.

२२ ऑक्टो.

लक्ष्मीपूजन. ऑफिसची पूजा विन्याने एकट्याने केली. मी गेलो नाही. वसूला काही सांगितलेलं नाही, ती समजतेय आम्ही नेहमीसारखे भांडलोय. मशीन सोमवारी चढवणार, क्रेन ठरली. हे मला वॉचमनकडून कळतं. भागीदार मी!

२४ ऑक्टो.

भाऊबीज. ताईकडे बोईसरला. वसूचं डोकं दुखत होतं, एकटाच गेलो. विन्या मुद्दाम बाहेर गेलेला.

ताईने पाट मांडला, रांगोळी काढली, औक्षण केलं. मी ओवाळणी काढायला खिशात हात घातला तर तिने मनगट धरलं. "पैसे नकोत. यंदा मागेन ते दे."

म्हटलं, माग.

"ह्यांच्याबद्दल कारखान्यात काही बोलू नकोस."

मला वाटलं, तिला आज-काल कळलं असेल. नाही. दसऱ्यापासून माहीत आहे. "तेव्हापासून धड झोपत नाहीत रे. तुला सांगू नको म्हणाले, मग मी तरी काय करू?" म्हणजे कोजागरीला आमच्याकडे मसाला दूध प्यायला आली, वसूच्या साडीचं कौतुक केलं, मला म्हणाली वाळलायस, तेव्हासुद्धा माहीत होतं. मी तिच्यासमोर बसून रेझिन का धरत नाही यावर डोकं खाजवत होतो आणि ती दूध ढवळत होती.

खाली बायका बसतात, म्हटलं. ताई म्हणाली, "इतकी वर्षं पडला का बीम?" हे वाक्य तिचं नाही, विन्याचं आहे. आता ती त्याच्या तोंडाने बोलते.

फार रडली. निरांजन विझलं, पुन्हा लावलं. मी म्हणालो, ताई, हे सोडून काहीही माग. सोमवारी सकाळी क्रेन यायच्या आत मी मॅनेजरला सांगणार आहे, आणि हे फक्त तुला सांगतोय, वसूलाही ठाऊक नाही. आधी मला जाऊ दे, मग त्याला सांग. तिने मान हलवली. माझ्या डोक्यावरून हात फिरवला, लहानपणी फिरवायची तसा.

ताटात काहीच न टाकता उठलो. तिने करंज्यांचा डबा बांधून दिला.

२६ ऑक्टो., सोमवार, साइटवर

जमेल तसं लिहितोय, स्टोअरच्या कोऱ्या पावतीच्या पाठीवर. घरी गेल्यावर वहीत उतरवीन.

आठला मॅनेजरच्या केबिनमध्ये. सगळं सांगितलं. खंडेनवमी, तेल, पोकळ आवाज. त्याने शांतपणे ऐकलं, चहा मागवला. मग म्हणाला, "शशिकांतजी, विनायकजी कल घर पे आये थे. बोले, आप सोमवार को आयेंगे, और यही बोलेंगे." विन्याने त्याला सांगितलंय की मला भागीदारी मोडायची आहे, वेगळी फर्म काढायची आहे, म्हणून कामाची बदनामी करणार. दहा दिवसांपूर्वी तुम्हीच तर गप्प होता, असं मॅनेजर म्हणाला.

काल. म्हणजे रविवारी. सोमवारचं मी एकाच माणसाला सांगितलं होतं.

चहा पिताना हे लक्षात आलं. विन्याचा राग होता, त्याला जागा होती. ताईच्या रागाला कुठे ठेवू? आईमागे जिने वेणी घालायच्या वयात आम्हाला सांभाळलं तिचा राग करायचा कसा, हेच मला येत नाही. तिने मान हलवली होती. मी ती हो समजलो.

म्हटलं, एक प्लेट उतरवून दाखवतो, डोळ्यांनी बघा. "आज नहीं. क्रेन का भाडा चालू है."

खाली आलो. स्टोअरचा वॉचमन ओळखीचा, त्याने किल्ली दिली. टेकू ओढत आणले. एकट्याने उभे होईनात. पार्वतीबाई बघत होती. "दादा, शेठ बोलतंय बस, तू बोलतंस उठ. आमी कुनाचा ऐकायचा?" म्हटलं, माझं ऐका, कारण मी तुम्हाला जेवायची जागा नाही म्हणतोय, मला त्यात काय मिळणार? तिने डबा उचलला, पदर खोचला आणि टेकूचं दुसरं टोक धरलं. निम्म्या बायका बाहेर गेल्या. निम्म्या तिथेच घड्या घालत बसल्यात, म्हणतात खाडा लागंल.

मधल्या बीमखाली दोन टेकू आवळले. प्लेटचे एका टोकाचे बोल्टही सोडवायला घेतलेत, पान्याने. एक निघाला, दुसरा गच्च आहे. प्लेट खाली आली की मॅनेजरला हाताला धरून आणणार. चिकटलेली असली तर काँक्रीटचे टवके घेऊन येईल. नसली तर कोरी येईल.

मॅनेजरने वॉचमनकरवी निरोप पाठवला, टेकू काढा नाहीतर पोलीस. म्हटलं, बोलव.

क्रेन गेटवर आलीय. मशीनचा ट्रेलर मागे उभा. विन्याची स्कूटरही आत आली. मागे ताई बसलीय, भाऊबीजेचीच साडी. ती उतरली आणि थेट घडी खात्याकडे येतेय, विन्या मागेच थांबला. ती पुन्हा काहीही मागो, डाव्या हातातला पाना मी खाली ठेवणार नाही.